जावयासाठी टर्की

"अहो, जरा जोर लावा. माझ्याने नाही मोडत ते हाड," सुनेत्रा म्हणाली.

कमलाकर परचुरे स्वयंपाकघराच्या दारात हाताची घडी घालून उभे होते. ओट्यावर पाच किलोची टर्की उताणी पडली होती. सुनेत्राने भांडी घासायचे पिवळे हातमोजे चढवून, झाडं छाटायच्या नव्याकोऱ्या कात्रीने तिचा कणा कापून काढला होता. आता छातीचं हाड दाबून ती सपाट करायची होती. ही पद्धत शेजारच्या मिसेस कॉलिन्सची. अशी केली की चार तासांचं काम दीड तासात होतं म्हणे.

"तीस वर्षांत या घरात अंडं आलं नाही," कमलाकर म्हणाले. "आणि आज मी हाडं मोडायची?"

"दिया सहा महिन्यांनी घरी येतेय."

कमलाकरांनी तोंड फिरवलं, डोळे मिटले आणि दोन्ही तळव्यांनी दाबलं. कट्‌कन आवाज झाला. ते तडक वर जाऊन दुसऱ्यांदा आंघोळ करून आले, तरी हाताला वास येतोच आहे असं त्यांना वाटत राहिलं.

जूनमध्ये, २००४ साली, दियाने इंग्लंडातल्या रीडिंग गावच्या रजिस्ट्री ऑफिसात सायमनशी लग्न केलं होतं. कमलाकर गेले नव्हते. दिवाळीलाही त्यांनी दोघांना बोलावू दिलं नाही. मग मात्र सुनेत्राने जेवण टाकलं. जावयाचा पहिला सण कोरडा जातो म्हणजे काय? दिवाळसण हुकला, निदान क्रिसमस तरी करू. शेवटी कमलाकरांनी मान हलवली. फोनवर दिया जपूनच म्हणाली, "येऊ. बघू या कसं होतं ते." त्या 'बघू या'चा अर्थ दोघांनाही कळला होता. आज बिनसलं तर मुलगी परत यायची नाही.

"त्याला काय आवडतं ते विचारायचं राहिलंच," फोन ठेवल्यावर सुनेत्रा म्हणाली होती.

"विचारायचं काय त्यात? क्रिसमसला इंग्रज माणूस वरणभात खाणार आहे का?" कमलाकर कडाडले होते. "आपणच बाटायचं. त्यांनी नाही हो एक दिवस आपल्यासाठी काही सोडायचं."

ओव्हनसुद्धा आज पहिल्यांदाच पेटला. घर घेतल्यापासून त्यात कढया आणि तवे राहत आले होते, ते आता जिन्याच्या पायऱ्यांवर मांडून ठेवले होते. सपाट टर्की ट्रेमध्ये मावेना, तिच्या तंगड्या कडेवरून बाहेर आल्या. सुनेत्राने लोणी चोळलं, मीठ-मिरी लावली आणि नाकाला पदर धरून दार लावलं. घरभर वास सुटला. कमलाकरांनी कडाक्याच्या थंडीत सगळ्या खिडक्या सताड उघडल्या.

एक वाजता दिया आणि सायमन आले. सायमनने वाकून दोघांना नमस्कार केला. शिकवून आणलेलं दिसतंय, कमलाकरांच्या मनात आलं. बटाट्याची भाजी, पुरी, श्रीखंड टेबलावर होतंच. मग सुनेत्राने मधोमध ती टर्की आणून ठेवली, खरपूस, तांबूस, टेबलभर पसरलेली.

"आई, हे तू..." दिया म्हणाली.

सायमनने चटकन तिच्या हातावर हात ठेवला. "इट लुक्स वंडरफुल, मिसेस परचुरे."

आईबापांसमोर हात धरतो, कमलाकर मनात म्हणाले. दियाचे डोळे भरून आले. कौतुकाने असतील, असं सुनेत्राला वाटलं.

दियाने ताटात फक्त भाजी-पुरी घेतली. निदान मुलीने घरची रीत सोडली नाही, एवढंच कमलाकरांना समाधान. सायमन मात्र खात होता. एक घास, मागून पाणी, पुन्हा घास. दोन मोठे तुकडे त्याने संपवले. कमलाकरांचं टाळकं सरकलं. यांच्यासाठी आम्ही देवधर्म गुंडाळून ठेवायचा, आणि हा खुशाल ताव मारतोय.

सुनेत्राने डोळ्यांनी खुणावलं. जावयाला आग्रह करायला हवा होता. कमलाकर उठले. ज्या हातांनी हाड मोडलं होतं, त्याच हातांनी त्यांनी एक अख्खी तंगडी उचलून सायमनच्या ताटात घातली.

"घ्या जावईबापू. लाजू नका."

"बाबा, पुरे," दिया म्हणाली.

"तुझा नवरा आहे ना बोलायला?"

सायमनने त्यांच्याकडे पाहिलं. "थँक यू," तो म्हणाला, आणि हाडापर्यंत सगळं खाल्लं. सुनेत्राचा चेहरा उजळला. सकाळपासून पहिल्यांदाच ती खुर्चीला टेकून बसली.

जेवण झाल्यावर सायमन वर गेला. वीस मिनिटं झाली तरी खाली येईना. मागोमाग दियाही गेली. कमलाकर कढया-तव्यांमधून वाट काढत जिना चढले. बाथरूमचं दार बंद होतं. आत ओकाऱ्यांचा आवाज येत होता, आणि दिया बाहेर कार्पेटवर बसली होती.

"एवढं खायचं कशाला माणसाने?" कमलाकर दबक्या आवाजात म्हणाले. "हावरटपणाला काही सुमार?"

"तुम्ही वाढलात, बाबा."

"मग नको म्हणायचं. तोंड नव्हतं का त्याला?"

"मीच त्याला सांगितला होता, की आपल्याकडे पहिल्या सणाला जावयानी ताटात काही टाकला तर आईबाबांचा इन्सल्ट होते." दियाने बाहीने डोळे पुसले. "सकाळी कारमध्ये किती खूश होता तो. म्हणाला, तुझे बाबा मला लाइक करू दे नाहीतर नको, एका गोष्टीत तरी आमचा जमेल. बाबा, तो जन्मापासून व्हेजिटेरियन आहे."