तीच गाडी

नाताळच्या दुपारी बसस्थानकाच्या प्रतीक्षागृहात दोनच माणसं होती. तिकिटाच्या बंद खिडकीवर कागदी चांदणी लटकत होती.

न्हावी उन्हाळ्यापासून कोपऱ्यातल्या बाकावर राहत होता. दुकान गेलं, खोली गेली. केस कापता कापता माणसाची कुंडली काढायची खोड तेवढी राहिली होती. समोरच्या बाईंनी त्याला काही दिवसांपासून कोड्यात टाकलं होतं. रोज सकाळी त्या नळावर तोंड धुऊन, नीट भांग पाडून, बॅग मांडीवर घेऊन बसत. गाडी आली की उठून पाटी वाचत, ‘ही नव्हे’ अशी मान हलवत आणि परत बसत.

आजही त्या रस्त्याकडे डोळे लावून होत्या. शेवटी त्याला राहवेना.

“कुठली गाडी, बाई?”

“येईल इतक्यात.”

“आज नाताळ. या स्थानकातून नाताळला एकही गाडी सुटत नाही.”

बाईंचा चेहरा चोरी पकडल्यासारखा पडला. त्यांनी शाल घट्ट ओढून घेतली. नको तिथे नाक खुपसलं, असं न्हाव्याला वाटलं. सकाळी चर्चची मंडळी वाटून गेली होती, तो केक त्याने खिशातून काढला आणि एक जागा सोडून त्यांच्या बाकावर बसला.

“माझीपण तीच गाडी आहे,” तो म्हणाला. “येईपर्यंत खाऊन घेऊ.”

त्याने केक बाईंपुढे धरला. मग त्यांनी केक मोडला आणि मोठा तुकडा त्याच्या हातावर ठेवला.

तेवढ्यात सुट्टीपुरता बदलीवर आलेला रखवालदार दारात उभा राहिला. बाहेर झोंबरा वारा सुटला होता.

“चला, उठा. भटक्यांना इथे थारा नाही.”

“भटकं कोण?” बाई ताडकन म्हणाल्या. “हा माझा भाऊ. उद्याच्या गाडीने निघणार आम्ही.”

“सख्खा?”

“नाहीतर काय, विकत आणलेला?”

“थोरला की धाकटा?”

“थोरला,” बाई म्हणाल्या.

“धाकटा,” त्याच दमात न्हावी म्हणाला.

रखवालदाराने दोघांना आळीपाळीने न्याहाळलं. त्याच्या मिशीखाली काहीतरी हललं. त्याने वारा आत येऊ नये म्हणून दार ओढून घेतलं आणि तो निघून गेला.

बाई गर्रकन न्हाव्याकडे वळल्या.

“मी तुझ्यापेक्षा थोरली दिसते होय रे?”