नात्याचा रकाना

"पन्नास हजार अनामत, तीही एकरकमी," कारकून खिडकीतून म्हणाला. "हप्ते चालत नाहीत."

बाहेर उभ्या असलेल्या म्हाताऱ्या शिंप्याने कापडी पिशवी फळीवर ठेवली. "आणलेत."

कारकुनाला क्षणभर खरंच वाटेना. तुरुंगाच्या स्वयंपाकघरात राबणाऱ्या त्या आचाऱ्याचा पॅरोल तीनदा मंजूर झाला होता आणि तिन्ही वेळा अनामतीपाशीच घोडं अडलं होतं. आई अंथरुणाला खिळलेली. अर्ज तीच करायची, पण पन्नास हजार आणणार कुठून? दोन नंबरच्या बराकीतला ठेकेदार मात्र तेवढेच पैसे तासाभरात भरून वर्षातून दोनदा घरी जाऊन यायचा. नियम सगळ्यांना सारखा, असं साहेब म्हणत. सब घोडे बारा टक्के, असं कारकून म्हणे, अर्थात मनातल्या मनात. नोकरी त्यालाही हवी होती.

"एवढे पैसे कुठून आणलेत, काका?"

"दुकान विकलं."

"दुसऱ्याच्या पोरासाठी?"

"ठेवून तरी काय करू? मागे कोणी नाही."

कारकुनाला भरून आलं. फॉर्मवर 'कैद्याशी नातं' हा रकाना कोराच होता.

"इथं काय लिहू?"

"नातं असं नाही. एका गल्लीतले आम्ही."

नुसतं 'शेजारी' लिहिलं तर साहेब फॉर्म परत पाठवतील, हे कारकुनाला ठाऊक होतं. त्याने स्वतःच्या पेनाने 'हितचिंतक' लिहून टाकलं.

शिंप्याने सगळं नीट विचारून घेतलं. किती वाजता सोडतात, कुठल्या दाराने, बरोबर शिपाई असतो का.

"शिपाई कशाला? जामीनदार तुम्ही. दहा दिवस तो तुमच्या भरवशावर."

"परत आला नाही तर?"

"अनामत जप्त."

"आणि मेला तर?"

कारकून हसला. "शुभ बोला, काका. तसं झालंच तर मृत्यूचा दाखला आणा, पैसे परत."

शिंप्याने पावतीची घडी घातली, घडीवरून नख फिरवलं आणि ती खिशात ठेवली.

बातमी सांगायला कारकून स्वतः स्वयंपाकघरात गेला. कैद्याने काय गुन्हा केला हे तो कधी वाचत नसे. वाचलं की माणूस दिसेनासा होतो, असं त्याचं म्हणणं.

आचारी कांदे चिरत होता. त्याची सुरी थांबली. "कोणी भरले पैसे?"

"तुमच्या गल्लीतल्या शिंपीकाकांनी. दुकान विकून."

आचारी पिठाच्या पोत्यावर बसला. "राहू द्या साहेब. मी इथं बरा आहे."

"वेड लागलंय का? आई वाट बघतेय तिकडे. उपकाराचं एवढं ओझं वाटून घ्यायचं नसतं."

आचाऱ्याने सुरीला चिकटलेली कांद्याची साल काढली. "ते स्वतः आले होते?"

"स्वतः."

"मग जायलाच हवं," तो म्हणाला आणि उरलेले कांदे चिरायला लागला.

दुसऱ्या दिवशी सकाळी दहाला कारकून खिडकीशी उभा होता. फाटकाबाहेर शिंप्याने आचाऱ्याच्या हातातलं गाठोडं घेतलं. शिंपी पुढे, आचारी एक पाऊल मागे, असे ते रस्त्याच्या वळणाआड गेले. कारकुनाचे डोळे पाणावले. वीस वर्षांच्या नोकरीत एक काम मनासारखं झालं होतं.

मग तो टेबलाशी बसला. कैदी सुटला की फिर्यादीला तसं पत्र पाठवायचं असतं. त्याने पाकीट घेतलं आणि नेहमीसारखं, पत्त्यापुरतं, निकालपत्राचं पहिलं पान उघडलं.

गल्ली तीच होती. फिर्यादी : मयताचे वडील. धंदा : शिवणकाम.