पडद्यावरचा चाँदपाशा

“बघ, डाव्या हातानंच जेवतोय!” हुसेनबीनं शेजारच्या धुरपदाबाईचं मनगट घट्ट धरलं.

तेरच्या जत्रेतला सिनेमाचा तंबू. मधोमध पडदा, पुढं बाप्ये, पडद्यामागं बाया. मागून पडद्यावरची अक्षरं उलटी दिसायची, पण बायांत वाचता येत होतं कुणाला? सिनेमातला म्हातारा नोकर ओट्यावर बसून भाकर मोडत होता.

तिचा पोरगा चाँदपाशा अठ्ठेचाळीस सालच्या पोलीस ॲक्शनच्या धामधुमीत घरातून गेला तो गेलाच. तेव्हा त्याला मिसरूडही फुटलं नव्हतं. डाव्या हातानं जेवतो म्हणून हुसेनबीनं त्याला किती चापट्या मारल्या होत्या! पुढं एका जत्रेत तिला हा नट दिसला आणि तिचा पोरगा सापडला. नाव वेगळं होतं, पण सिनेमात गेल्यावर नावं बदलतातच. दाढीमिशा चिकटवलेल्या तोंडाचा काय भरवसा? हात मात्र आईला कळतो.

मग दर जत्रेला तिनं त्याची कामं पाहिली. आधी नुसता तबक धरून दारात उभा. पुढं हवालदार झाला, मुनीम झाला, एकदा तर चक्क नायिकेचा बाप. हुसेनबी गावभर मिरवायची. तिचं मन मोडायला कुणी धजत नसे.

दीर पाशामियाँ तेवढा दर साली म्हणायचा, “भाभी, आता तरी चाँदच्या नावानं फातिहा पढू द्या. पोराच्या रूहला चैन मिळंल.”

“जित्या पोरासाठी फातिहा पढता? जीभ झडंल तुमची!”

यंदा वाऱ्यानं तंबूची मागची कनात फाडली. तंबूवाल्या वीरप्पानं मधे दोरी बांधली आणि बायांनाही पुढंच बसवलं. सिनेमा गेल्या सालचाच होता, म्हाताऱ्या नोकराचा. हुसेनबी खूश होती. इथून सगळं लख्ख दिसत होतं.

नोकर ओट्यावर बसला. त्यानं भाकर हातात घेतली.

धुरपदाबाईचं मनगट धरायला निघालेला हुसेनबीचा हात मधेच थांबला.

“अगं, पोरगा आला न्हवं तुजा?” धुरपदाबाई म्हणाली. “आज गप का?”

हुसेनबीनं पदरानं डोळे पुसले.

“धुरपदा, पाशामियाँला सांग,” ती म्हणाली. “उद्या चाँदच्या नावानं फातिहा पढा म्हणावं.”

पडद्यावर नोकर उजव्या हातानं जेवत होता.