पायरीखालचा क्रूस

"सर, हा क्रूस जुना नाही," भिंग खिशात ठेवत अधिकारी म्हणाला. "छिन्नीचे घाव अगदी ताजे आहेत. खाचेत अजून पांढरी भुकटी आहे."

सर कठड्याला टेकून उभे होते, दोन्ही हात कोटाच्या खिशात. समोर जिन्याची सैल पायरी उलटी पडली होती. सरांचं हे घर पाडून इथे नवी, लिफ्टवाली इमारत व्हायची होती. गेल्या आठवड्यात मापं घ्यायला आलेल्या बिल्डरच्या माणसाने पायरी उलटली, खालच्या अंगाला कोरलेला क्रूस दिसला, आणि शेजाऱ्यांनी चोंबडेपणा करून पुरातत्त्व खात्याला फोन लावला. क्रूस जुना ठरता तर घराच्या विटेलाही कोणाला हात लावता आला नसता.

या भागात ख्रिस्ती माणसं दप्तरात लिहिलंय त्याच्या कितीतरी शतकं आधी आली, हे सांगण्यात सरांचा जन्म गेला होता. तीन पुस्तकं झाली. पुराव्यासाठी त्यांनी चर्चची एकेक भिंत, एकेक पडकी विहीर पालथी घातली. तरी दर सभेत कोणीतरी उठायचं आणि "पण पुरावा काय?" म्हणायचं. मग सर चष्मा पुसत बसायचे.

अधिकारी त्यांचाच जुना विद्यार्थी. त्याचा आवाज खाली आला.

"पुस्तकासाठी इतक्या थराला जायला नको होतं, सर. अहवालात मी तुमचं नाव घेत नाही. पण बोभाटा होणारच."

"होऊ दे रे," सर म्हणाले. फार थकले होते ते.

निघताना त्याने हात पुढे केला. सरांनी खिशातला हात काढला नाही. शरमले असतील, असं समजून तो गेला. त्याला खरंच वाईट वाटलं.

सर एकेक पायरी चढून वर आले. बायको खिडकीशी खाटेवर बसली होती. गुडघे गेल्यापासून तीन वर्षं ती खाली उतरली नव्हती. रस्त्यावरच्या माणसांचे तिला फक्त भांग आणि टकलं दिसायची.

"काय ठरलं?"

"खोटा आहे. इमारत होणार. लिफ्टसुद्धा."

तिने त्यांचा हात खिशातून ओढून काढला आणि तळव्यावरच्या फुटलेल्या फोडांना मलम लावू लागली.

"जन्मात कधी छिन्नी धरली नाहीत तुम्ही," ती म्हणाली. "खरा होता ना हो?"

"परवापर्यंत होता."