थांबवता न येणारा गेम

रस्त्यावरच्या शर्यतीचा आमचा लाडका जुना गेम कंपनीने नव्याने काढला, तेव्हा दादा कॉलेजात होता. गाड्या तेवढ्या चकचकीत, बाकी सगळा आनंदीआनंद. एकटे खेळत असलात तरी गेम इंटरनेटवरून कंपनीच्या सर्व्हरला बांधलेला, म्हणून मध्येच थांबवायची सोयच नाही. ही म्हणे प्रगती!

"जेवायला वाढलंय, थांबव ते!" आई ओरडायची.

"हा गेम थांबवता येत नाही गं आई!"

"थापा मारू नकोस."

काल कंपनीने तो सर्व्हरच कायमचा बंद केला. दादाने जिवापाड सजवलेल्या सगळ्या गाड्या त्याबरोबर गेल्या. तो काळ्या पडद्यासमोर बसून राहिला.



आईने डोकावून पाहिलं. "बघ, थांबला की नाही? आणि मला इतकी वर्षं थापा मारत होतास!"