लाल गाल

"मारलंत का हिला?" बालवाडीच्या हेमांगीबाईंनी सगळ्या पालकांसमोर विचारलं. चार वर्षांच्या ओवीचे दोन्ही गाल लालभडक झाले होते. तिची आई तिचा हात धरून निघून गेली आणि दुसऱ्या दिवसापासून ओवी आली नाही.

आठवड्याभरात बाईंची बोटं, मनगटं, गुडघे सुजले. खडूही धरवेना. पस्तिशीतच संधिवात जडला, या धास्तीने त्या डॉक्टरांकडे गेल्या. रक्त तपासून डॉक्टर म्हणाले, "पार्व्होव्हायरस आहे. मुलांचे गाल थोबाडीत मारल्यासारखे लाल होतात, मोठ्यांचे सांधे धरतात. काही आठवड्यांत आपोआप बरं होईल."

बाई तिथून थेट ओवीच्या घरी गेल्या. डॉक्टरांचं म्हणणं सांगून ओवीच्या आईला म्हणाल्या, "माझं चुकलं. चारचौघांत तसं विचारायला नको होतं."

ती बाईंच्या सुजलेल्या बोटांकडे बघत राहिली.

"त्या दिवशी नव्हतं मारलं," ती हळूच म्हणाली. "एरवी मी मारायचे. तुम्ही विचारलंत तेव्हापासून हात उचलला नाही."

"उद्या पाठवा तिला," बाई म्हणाल्या.