गालावरचा ठिपका

आदल्या रात्री पुसला होता, तरी ठिपका परत आला होता. उर्वीने टॅबलेट नाकाजवळ धरला, चित्र मोठं केलं, आणखी मोठं केलं. दीपगृह सांभाळणाऱ्या म्हातारीच्या डाव्या गालावर, कानाच्या जरा खाली, मोहरीएवढा काळा ठिपका. उर्वीने तो काढलेला नव्हता.

नॉटिंगहॅमच्या कौन्सिलमध्ये दिवसभर कचऱ्याच्या तक्रारी ऐकायच्या आणि संध्याकाळी ‘थॉर्नविक’ नावाच्या ऑनलाइन गेमच्या कम्युनिटीत स्वतः काढलेली पात्रं टाकायची, हा तिचा दीड वर्षाचा क्रम होता. चित्र पुरं झालं की टॅबलेट रात्रभर स्वयंपाकघरात चार्जिंगला लावायचा आणि सकाळी कामावर जाण्याआधी ते टाकून मोकळं व्हायचं. ठिपका तिच्याआधी चाहत्यांना दिसला. अकरा हजार लोकांनी त्यावर डोकं चालवलं. कोणी म्हणालं ही रोगाची खूण, कोणी म्हणालं ठिपकेवाला पुढे मरणार. एका पोलिश गृहस्थाने तर सगळ्या ठिपक्यांचा नकाशा काढला. आपल्यालाही काही माहीत नाही हे उर्वीने कबूल केलं नाही. नुसती डोळा मारणारी इमोजी टाकली.

गंमत गेल्या आठवड्यात संपली. गेमवाल्यांनी स्पर्धा ठेवली होती. निवडलेलं पात्र थेट गेममध्ये येणार, चालणार, बोलणार. उर्वीची म्हातारी त्यांना आवडली, पण निरोप आला: फाइलवर डाग आहे, स्वच्छ करून शनिवारी संध्याकाळी सहाच्या आत पाठवा. आज शनिवार होता. उर्वीला हे हवंच होतं, आणि ते बाबांसाठी हवं होतं. तिचे बाबा, डॉक्टर राजीव, भूलतज्ज्ञ. तिने दाखवलेल्या प्रत्येक चित्रावर त्यांनी आजवर फक्त “हं” म्हटलं होतं. ते “हं” तिला फार लागायचं. आपली म्हातारी पडद्यावर चालायला लागली की बाबांना दुसरा एखादा शब्द शोधावाच लागेल, असं तिने मनाशी धरलं होतं.

पेनचं टोक खराब असेल म्हणून तिने नवं टोक बसवलं होतं. पण टोकाला गाल कसा कळतो? जुनी चित्रं पुन्हा उघडून बघितली तर प्रत्येकाच्या डाव्या गालावर तेच. ती टॅबलेट घेऊन आईकडे गेली.

“आई, हे बघ ना. ड्रॅगनला पण आहे. इट्स सो वीअर्ड.”

मधुमतीने चष्मा कपाळावर सरकवला आणि खो-खो हसली. “अगं, ही तर तीट! लहानपणी तुला लावायचे ना मी, दृष्ट लागू नये म्हणून.”

“मग तूच करतेस! आई, माझा कॉम्पिटिशन आहे!”

“मी? मला ते पेन धरता तरी येतं का? आणि मी लावली असती तर चांगली ठसठशीत लावली असती. ही कसली कंजूष तीट!”

घरात तिसरं माणूस एकच होतं, पण तो विचार उर्वीने लगेच झटकला. बाबांच्या हॉस्पिटलमध्ये काम कमी असलं तरी ‘क्वाएट’ हा शब्द कोणी उच्चारत नाही. उच्चारला की पेशंटची रांग लागते म्हणे. बाबा तो मुद्दाम, मोठ्याने उच्चारायचे आणि नर्सेसची बोलणी खायचे. आत्याने दारावर टांगायला पाठवलेली काळी बाहुली त्यांनी त्याच दिवशी चॅरिटी शॉपमध्ये नेऊन दिली होती.

मग कोण? आता तिला राहवेना. सव्वापाचला तिने ठिपका पुसला, टॅबलेट ओट्यावर उघडाच ठेवला आणि जिन्यावर जाऊन बसली. कठड्याच्या फटीतून ओटा नीट दिसत होता. आई मागे बागेत वाळलेले कपडे काढत होती.

बाबा ड्यूटीवरून आले. सवयीप्रमाणे कोपरापर्यंत हात धुतले, किटली लावली. मग खिशातून वाचायचा चष्मा काढला आणि टॅबलेटवर वाकले.

किटली उकळून बंद पडली. त्यांनी चहा केला नाही. दोन बोटांनी चित्र मोठं करून ते म्हातारीच्या हातावरच्या शिरा बघत होते, मग शालीची वीण, मग डोळे. पुन्हा शिरा. उर्वीने फटीला डोळा लावला. इतका वेळ त्यांनी तिच्या कुठल्याच चित्राकडे बघितल्याचं तिला आठवत नव्हतं. शेवटी त्यांनी मागे वळून कानोसा घेतला, पेन उचललं, आणि ज्या हाताने शिरेत सुई घालतात त्याच स्थिर हाताने म्हातारीच्या गालाला एकदाच टेकवलं.

“बाबा!”

पेन घरंगळत जमिनीवर पडलं. उर्वी धावत खाली आली. तिला राग आला होता आणि रडूही येत होतं.

“तुम्ही करता हे? ऑल ऑफ देम? सगळे चित्रांवर?”

बाबांचे कान लाल झाले. “अगदी छोटा असतो. कुणाला दिसेल असं वाटलं नव्हतं.”

“पण तुम्ही तर हे मानत नाही! नजर वगैरे.”

“नाहीच मानत. थोतांड आहे सगळं.”

“मग ते इलेव्हन थाउजंड लोक बघून काय करणार होते माझ्या चित्राला?”

“त्यांचं काय. त्यांनी खुशाल बघावं.” बाबांनी पुन्हा एकदा म्हातारीकडे बघितलं आणि चटकन डोळे दुसरीकडे वळवले. “पण माझीच लागली तर?”